वन्संची शेव

वन्सं खुर्चीवर कधी पूर्ण बसल्या नाहीत. पुढची चार बोटं जागा त्यांची, मागची सगळी खुर्ची रिकामी. टाचा उचललेल्या, एक हात गुडघ्यावर. आता शिट्टी होणार आणि गाडी सुटणार, अशी ती बैठक. "टेका की जरा," असं कोणी म्हटलं की उत्तर ठरलेलं असे, "उठता येईल असं बसावं. टेकलं की माणूस मुरतो."

वन्सं म्हणजे माझ्या नवऱ्याची थोरली बहीण. नणंदेला वन्सं म्हणायची आमच्याकडची जुनी पद्धत, पण पुढे दूधवाला, शेजारीपाजारी, सगळेच त्यांना वन्सं म्हणायला लागले आणि त्यांचं मंदाकिनी हे नाव फक्त रेशनकार्डावर उरलं. यजमान रेल्वेत. मनमाड, भुसावळ, इगतपुरी, दौंड आणि फिरून पुन्हा मनमाड, असा त्यांचा संसार क्वार्टरांमधून चालला. एक ट्रंक तर त्या कधी उघडतच नसत. "परत बांधायचीच आहे," म्हणायच्या.

आमची पहिली भेट माझ्या लग्नानंतर, नाशिकला आमच्या घरी झाली. त्या वेळची शालिनी म्हणजे मराठी घेऊन एम. ए. झालेली, नाकापेक्षा मोती जड अशी एक बाई होती. तिची माझी ओळख आहे म्हणून सांगते, फार शहाणी होती. माझ्या सामानाकडे बघून वन्सं म्हणाल्या, "ट्रंक केव्हा उघडणार?" त्यावर ती शहाणी उत्तरली, "आजच. मी या वास्तूत कायमची आले आहे." वन्संनी माझ्याकडे नीट बघितलं आणि म्हणाल्या, "वास्तू कसली, तीन खोल्या आहेत. आणि कायमचं तर आम्ही प्रत्येक क्वार्टरला म्हणतो, बाई."

ही सगळी धावपळ यजमान गेल्यावर थांबेल असं आम्हाला वाटलं होतं. मुलगा मिलिंद बंगळुरूला. वन्संनी नाशिकलाच सिडकोत एक लहानसा फ्लॅट घेतला, आयुष्यात पहिल्यांदा स्वतःच्या नावाची पाटी लावली, आणि मग त्या चार भिंतींत त्यांना काही सुचेना. उठून गॅसचं बटण बघ, बसून उठून दाराची कडी बघ. मला फोन करून विचारायच्या, "काय करतेयस?" मी काहीतरी सांगायची. "मग कर," म्हणून फोन बंद.

एका सुट्टीत मिलिंदची मुलगी आली होती. तिच्यासाठी त्यानं आपल्या जुन्या कॉम्प्युटरवर शेतीचा एक खेळ घालून दिला. नांगरायचं, पेरायचं, ट्रॅक्टर चालवायचा, पीक आलं की कापायचं. पोरीला तीन दिवसांत कंटाळा आला आणि ती बंगळुरूला निघून गेली. वन्सं कॉम्प्युटर बंद करायला बसल्या, अर्थात कडेवर, तर पडद्यावर गहू तयार होऊन उभा.

मला फोन आला. "शालिनी, पीक उभं टाकून गेली गं ती."

"अहो वन्सं, खेळ आहे तो."

"असेल. पण उभं पीक टाकून कोण जातं?"

कापणी करायची म्हणून त्या बसल्या, ते पुढची कितीतरी वर्षं. जन्मभर ज्या बाईला दारापुढं तुळशीएवढीही माती मिळाली नाही, तिनं त्या पडद्यावर द्राक्षबाग लावली. नुसता परदेशी गहू आणि मका त्यांना चालेना. तेव्हा त्यांनी शोध लावला की खेळात नसलेल्या वस्तू जगातले हौशी लोक स्वतः बनवतात आणि आपण त्या आणून आपल्या खेळात ठेवू शकतो. अशा उपऱ्या वस्तूंना मॉड म्हणतात. वन्संनी कुठून कुठून आपल्याकडच्यासारखा लहान ट्रॅक्टर आणला, कांद्याची चाळ आणली, द्राक्षांचा मांडव आणला. तो मांडव कुठल्याशा थंड देशातल्या माणसानं बनवला होता. वन्संच्या लेखी ते शेत द्राक्षांच्या निफाडातलं. म्हणायच्या, "त्याला बिचाऱ्याला काय ठाऊक त्याचा मांडव निफाडला लागलाय म्हणून."

खेळ मध्येच सोडून उठायचं तर तो आहे तसा जपून ठेवावा लागतो, सेव्ह करावा लागतो. हा शब्द वन्संच्या तोंडात गेला आणि शेव होऊन बाहेर आला. "थांब, शेव करू दे." "काल शेव केली होती, आज कुठं गेली?" स्त्रीलिंगी, खमंग. मी तोवर शाळेतून निवृत्त झालेली, साठीची कोवळी पोर. मी सुचवलं, "वन्सं, त्याला जतन म्हणावं."

"जतन करून काय मुरांबा घालू? शेव म्हण. लक्षात राहते."

जितक्या वेळा उठायच्या तितक्या वेळा त्या शेव करायच्या, आणि दर वेळी नव्या नावानं. जुन्यावर नवी कधी लिहायच्या नाहीत. नाव काय द्यायचं, तर कशासाठी उठलो ते. रोमन अक्षरांत, एका बोटानं. कुकर. दूध. घंटागाडी. कुरियर. शालिनी आली. परत कुकर. कचऱ्याच्या घंटागाडीचं गाणं गल्लीच्या तोंडाशी ऐकू आलं, की इकडे ट्रॅक्टर वाफ्यात उभा, शेव आणि बादली घेऊन वन्सं जिन्यात. त्यांची ती यादी वर-खाली करताना मला हसू आवरत नसे. माझं नाव कुकर आणि कुरियरच्या मधोमध होतं.

"मी आले म्हणजे व्यत्ययच की नाही?" मी एकदा विचारलं.

"व्यत्ययच. पण शेव करण्याइतका चांगला," असं म्हणून त्यांनी चहा टाकला.

मलाही तो खेळ हवासा वाटायला लागला. मी नवा लॅपटॉप घेतला होता. सुनेनं विचारलं होतं, "आई, खात्याला नाव काय देऊ?" आणि मराठीच्या अभिमानानं ताठ झालेल्या त्या कोवळ्या पोरीनं देवनागरीत लिहायला लावलं होतं, 'सौ. शालिनी'. एवढं करून मी पेनड्राइव्ह घेऊन वन्संकडे गेले आणि त्या स्वयंपाकघरात असताना पडद्यावरचं खेळाचं चित्र त्यावर उतरवून घेतलं. घरी येऊन दाबते, तर काहीच उघडेना. फोन केला. वन्सं इतक्या हसल्या की ठसका लागला. "अगं, तू घरावरची पाटी उचलून नेलीस. घर इथंच आहे."

दुसऱ्या दिवशी त्या स्वतः आल्या. खेळ घातला, आणि ओट्यावरचे तीन डबे माझ्यापुढं मांडून मला शिकवलं. "हे बघ. खेळ म्हणजे हा ओटा. ओटा कुठंही मिळतो, मोडला तर परत घालता येतो, त्याची चिंता नाही. आपले डबे तीन. पहिल्यात शेव, म्हणजे आपण केलेलं काम. दुसऱ्यात मीठ-मसाला." म्हणजे सेटिंग: आवाज किती, अक्षर केवढं, कुठल्या बटणानं ट्रॅक्टर वळतो. "ज्याच्या त्याच्या जिभेप्रमाणे. आणि तिसऱ्यात पाहुणे." म्हणजे ते मॉड. "पाहुण्यांना विसरलीस तर शेत उघडत नाही धड. मांडव त्यांचा, चाळ त्यांची. घर बदलताना तिन्ही डबे एकदम उचलायचे."

"आणि हे डबे असतात कुठं?"

"तीच तर गंमत. माणूस शोधतो आपण कुठं ठेवले असते तिथं. तिथं नसतात. त्यानं कुठं ठेवलेत ते शोधायचं." खेळाच्या स्वतःच्या घरात हे डबे नव्हतेच. ते होते डॉक्युमेंट्सच्या आत, 'माय गेम्स' नावाच्या पोटखोलीत, जिथं मी चुकूनही डोकावले नसते.

एवढं शिकून मी शेती सुरू केली, आणि रोज संध्याकाळी ती नाहीशी व्हायला लागली. शेव केली म्हणून खेळ सांगायचा. सकाळी उघडावं तर पुन्हा पहिल्यापासून. तीन वेळा मी तोच कांदा लावला. चौथ्यांदा मी रडकुंडीला येऊन वन्संना बोलावलं. त्या आल्या, कडेवर बसल्या, उठल्या, माझ्या घरातला गॅस बघून आल्या, पुन्हा बसल्या. मग कुठल्याशा फाइलमध्ये त्यांनी बोट ठेवलं. खेळानं माझ्या डब्यांचा पत्ता लिहिला होता, आणि त्यात 'सौ. शालिनी'च्या जागी नुसते चौकोन होते, एकापुढे एक.

"शालिनी, त्याला तुझं नाव वाचता येत नाही. शेव घेऊन दाराशी येतो, पाटी बघतो आणि परत जातो."

"मग त्यानं मराठी शिकावं."

"शिकेल की. तोवर कांदा सडवायचाय का तुला?"

त्या कोवळ्या पोरीनं मात्र कंपनीला निषेधाचं पत्र लिहिलं. शुद्ध मराठीत, दोन पानी. उत्तर आलं नाही. बहुधा चौकोनच पोचले असावेत. दरम्यान वन्संनी माझ्या लॅपटॉपवर दुसरं खातं उघडलं, रोमन अक्षरांत, पाच अक्षरी: वन्सा. टिंबसुद्धा घेतलं नाही, उगाच कोणाला अडखळायला नको. आपले सगळे पाहुणे त्या खात्यात आणून बसवले. "हे माझ्या नावाचं दार. इथून ये-जा कर." मग आम्ही कित्येक दुपारी तिथून शेती केली. पुढे मला मोतीबिंदू, गुडघे आणि नातू अशी तीन कामं एकदम लागली आणि माझी शेती पडीक राहिली. लॅपटॉप उघडला की दोन नावं दिसत, वरती मी, खाली वन्सा. मी वरचं दाबायची आणि पाककृती बघायची.

त्यांची एक गोष्ट मात्र मी तेव्हाच मनात घातली. एकदा खेळानं आपणहून स्वतःला नवं करून घेतलं आणि वन्संचं शेत उघडलं ते ओसाड. मांडव नाही, चाळ नाही, ट्रॅक्टर नाही. नुसती हिरवी सपाटी. मी म्हटलं, "वन्सं, निदान आहे तेवढं तरी शेव करा." त्यांनी माझं मनगट धरलं, चांगलं दुखेल असं.

"रिकामं शेत शेव करायचं नाही. कधीच नाही. ते रिकामं नाहीये, त्याला दिसत नाहीये फक्त. आता शेव केलीस तर हेच खरं होऊन बसेल."

आणि त्यांनी काही न जपता खेळ बंद केला. पाहुण्यांपैकी एकजण नव्या खेळाला मानवत नव्हता. त्याला बाहेर काढला, त्याची सुधारलेली आवृत्ती आणली. पुन्हा उघडलं तर मांडव जागच्या जागी, घड लोंबताहेत.

अशा बाईला गेल्या वर्षी अर्धांगाचा झटका आला. उजवा हात आणि उजवा पाय गेला, बोलणं गेलं. दवाखान्यात मी पोचले तेव्हा त्या उशीला टेकून होत्या. वन्सं टेकलेल्या. मला ते बघवेना. चादरीखाली त्यांची डावी टाच मात्र सारखी जमीन शोधत होती.

मिलिंद विमानानं आला. भला मुलगा, हात फिरवील तिथं काम उरकणारा. आईचाच अस्वस्थपणा, फक्त त्याला आता मोबाइल जोडलेला. आईला बंगळुरूला न्यायचं, फ्लॅट रिकामा करून भाड्यानं द्यायचा, सगळं त्यानं लगेच ठरवलं. चौथ्या दिवशी वन्संच्या तोंडून पहिला शब्द आला. शेव.

सगळ्यांना आनंद झाला. आई बोलली. मिलिंद जाऊन पाव किलो शेव घेऊन आला. डॉक्टरांनी नाही म्हटलं. वन्सं म्हणाल्या, "शेव." समोरच्या खाटेवरच्या बाई म्हणाल्या, "मिसळ आठवत असेल हो, नाशिकचंच माणूस." नर्सनं समजूत घातली, "आजी, बरं वाटल्यावर खायची." वन्संनी डोळे मिटून घेतले आणि डाव्या डोळ्यातून पाणी आलं. सूप नको, खिमट नको, तोंडच उघडेनात.

आणि मी? त्या बाईबरोबर मी एवढी वर्षं शेती केलेली. मी घरून बारीक, मऊ, नायलॉन शेव नेली, म्हटलं जिभेवर विरघळेल. ज्या बाईला मी कोवळी पोर म्हणून इथं हसतेय, ती म्हणजे अगदी परवापरवाची मी, हे लक्षात असू द्या. मी पुडी पुढं केली. वन्संनी डाव्या हातानं ती उडवली. सगळ्या खाटेवर शेव. मग तेच बोट त्यांनी चादरीवर टेकवलं आणि आपटलं, टक टक. थांबून पुन्हा, टक टक. नजर माझ्यावर.

माउस.

"मिलिंद," मी म्हटलं, "आईचा कॉम्प्युटर कुठाय?"

"तो? तो मी विकलाय मामी, जुन्या सामानवाल्याला. आज संध्याकाळी येणारे न्यायला. काळजी करू नकोस, ते लोक सगळं पुसून टाकतात."

वन्संनी डोळे उघडले. मी त्यांच्याकडे बघितलं नाही, मला धीरच झाला नाही. पर्स उचलली आणि चालू लागले. मागून मिलिंद, "अगं मामी, झालं काय?" मी जिन्यातून ओरडले, "खायची शेव नव्हे रे."

रिक्षा द्वारका चौकात अडकली. पुढं ट्रक, मागं बस, मधे मी, हातात पेनड्राइव्ह, आणि टाचा उचललेल्या. मला माझंच हसू आलं. रिक्षावाल्यानं आरशातून बघून विचारलं, "आजी, गाडी पकडायचीय का?" मी म्हटलं, "गाडी नाही रे बाबा, ट्रॅक्टर."

फ्लॅटवर कॉम्प्युटर अजून होता. सवयीनं मी आधी पडद्यावरच्या चित्राकडेच हात नेला. पाटी. हात मागं घेतला. त्यानं कुठं ठेवलंय ते शोधायचं. डॉक्युमेंट्स, माय गेम्स, खेळाच्या नावाची खोली, आणि तिथं तिन्ही डबे. शेव उचलली, चिमूटभर वजन, लगेच उतरली. मीठ-मसाला उचलला. पाहुण्यांना हात घातला तर पडद्यावरची पट्टी मुंगीच्या पावलानं सरकायला लागली. एवढे मोठे पाहुणे, आणि माझा पेनड्राइव्ह जुना. तेवढ्यात दारावर थाप. सामानवाला.

"काकू, खाली टेम्पो नो पार्किंगला लावलाय. उचलू का?"

"पाच मिनिटं थांब."

"ते लय वेळ दाखवतंय ना काकू. क्रेनवाला येईल." खालून टेम्पोचा हॉर्न. त्यानं मिलिंदला फोन लावून माझ्या कानाला दिला. मिलिंद म्हणाला, "मामी, दे ना त्याला, मी नवा घेईन तिला." मी सांगायला गेले की नव्यात ती बाग नसेल, पण एवढ्यात त्या माणसानं मागची वायर काढली होती. पट्टी निम्म्यावरही आली नव्हती.

पाहुणे राहिले. मला ठाऊक होतं याचा अर्थ काय ते. शेव आहे, पण तिला उघडायला मांडव नाही, चाळ नाही. मी घरी येऊन त्या थंड देशातल्या माणसाचं पान शोधलं. ते केव्हाच बंद झालेलं. लॅपटॉपमध्ये खेळ होता. मी वरचं नाव दाबून आत गेले, शेव जागेवर ठेवली, खेळ उघडला. एकही शेव दिसेना. पुन्हा ठेवली, पुन्हा उघडलं. काही नाही. खोलीत फेऱ्या मारल्या. गॅस बघून आले. हे म्हणाले, "तू वन्संसारखी काय करतेयस?"

वन्संसारखी.

मी लॅपटॉप बंद करून पुन्हा चालू केला. पडद्यावर दोन नावं आली. वरती 'सौ. शालिनी', जिचं नाव त्या खेळाला अजून वाचता येत नव्हतं. खाली, इतकी वर्षं मी नुसतं बघून सोडून दिलेलं, वन्सा.

त्या दारातून आत गेले. डॉक्युमेंट्स, माय गेम्स. पाहुणे तसेच बसलेले होते, वन्संनी आणून बसवले होते तसे. लहान ट्रॅक्टर, चाळ, मांडव. सगळ्या क्वार्टरांमधून फिरलेल्या बाईची माझ्या घरात एक खोली होती, आणि मीच ती उघडायची विसरले होते. शेव आत ठेवली. खेळ उघडला. यादी आली: दूध, घंटागाडी, फोन, कुकर. शेवटची 'चक्कर'. भोवळ आली तेव्हाही बाई शेव करूनच उठली होती. दाबलं. मांडव उभा होता आणि द्राक्षं तोडणीला आलेली.

दुसऱ्या दिवशी लॅपटॉप दवाखान्यात नेला. जेवणाच्या टेबलावर ठेवला. उजव्या हाताचं काम डाव्याला देण्यासाठी मीठ-मसाल्याच्या डब्यात जाऊन एकेक बटण बदललं. आधी ट्रॅक्टर उलटा पळाला, मग विहिरीत गेला. वन्संच्या तोंडाचा एक कोपरा हलला. मग त्यांनी नवा शब्द काढला, कष्टानं, तुकडे तुकडे करून.

"पा… हुणे?"

"आलेत सगळे."

"मां… डव?"

"बघा की. उभा आहे."

डाव्या हातानं त्यांनी एक ओळ तोडली. वाकडी तोडली, पण तोडली. मग नर्सनं आणलेलं सूप प्यायल्या, आणि त्याआधी मला डोळ्यानं खूण केली. मी शेव केली. नाव: सूप. दारात मिलिंद उभा होता. म्हणाला, "मामी, मला खरंच खायची वाटली गं." मी म्हटलं, "मलापण." एवढंच आमचं बोलणं झालं.

बंगळुरूला त्या गेल्याच. आम्ही दोघंही थकलेले, इथं त्यांचं करणारं कोणी नव्हतं. विमान नको म्हणाल्या, मनमाडहून गाडी हवी. मिलिंदनं लहानसा लॅपटॉप घेतला होता, त्यात तिन्ही डबे मी भरून दिले, वन्संच्या नजरेखाली. मनमाडच्या फलाटावर चाकाच्या खुर्चीतही त्या पुढं सरकून बसल्या होत्या. डावी टाच उचललेली. गाडी दिसली तशी माझं मनगट धरलं, चांगलं दुखेल असं. "एक शेव तुझ्याकडं," म्हणाल्या. बोलणं बरंच परत आलं होतं. मी म्हटलं, "आहे. तुमच्याच खोलीत ठेवलीय." मग त्या हमालावर ओरडायला वळल्या.

थंडीत गेल्या. मिलिंदचा फोन आला. दुपारी शेती करत होती, म्हणाला, चहा टाक म्हणाली, मी चहा घेऊन आलो तर... इथं भेटायला येणारे नातेवाईक म्हणायचे, फार हाल झाले हो शेवटी, नुसती खाटेला खिळलेली, तोंड वाकडं. मी म्हणायची, चहा घ्या. ते चित्र मी मनात ठेवायला तयार नव्हते. रिकामं शेत शेव करायचं नाही, हे मला माझ्या मास्तरणीनं शिकवलंय.

महिन्यानं मिलिंदनं पार्सल पाठवलं. पेनड्राइव्ह. सोबत फोन, "मामी, तिन्ही डबे आहेत. पाहुण्यांसकट." शिकला बाबा.

मी वन्साच्या दारातून आत गेले. यादीत बंगळुरूची नावं होती. नातीची शाळा. पाऊस. व्यायामवाली. सर्वांत शेवटी, चहा. उघडलं. तिथं संध्याकाळ होती, आणि ट्रॅक्टर शेताच्या मधोमध उभा, मागं नांगरलेली काळी माती, पुढं न नांगरलेली. नांगराचा तास अर्ध्यावर सोडून बाई चहाला उठलेली.

मी खुर्ची पुढं ओढली. ट्रॅक्टर सुरू केला आणि तो तास शेवटापर्यंत नेला. माझाही वाकडाच गेला. बांधाशी वळवून उभा केला. 'चहा'ला हात लावला नाही. तिथं ट्रॅक्टर अजून मधोमध उभा आहे आणि कोणीतरी येतच असेल. खेळानं नव्या शेवेचं नाव विचारलं. मी एका बोटानं, रोमन अक्षरांत लिहिलं: शालिनी आली.